लाल पट्ट्याची डेग

आम्ही खोली बघायला गेलो तेव्हा घरमालकांनी आमची जात विचारली नाही, नोकरी विचारली नाही, पाहुणेरावळे किती येतात तेही विचारलं नाही. झोपाळ्यावर बसल्या बसल्या त्यांनी आमच्या ह्यांना एकच प्रश्न टाकला, "तुमच्यात डुक्कर खातात का हो?"

आमचे हे गडबडले. सोलापुरात भाड्यानं खोली घ्यायची म्हणजे काय काय विचारतात याची तयारी करूनच आम्ही गेलो होतो. सगळ्याची उत्तरं तोंडपाठ होती. हे मात्र अभ्यासक्रमाच्या बाहेरचं आलं.

"छे छे, डुक्कर कशाला खाऊ आम्ही!"

"का नाही खात?"

"घाण खातं ते."

"आणि कोंबडी काय खाते? तिला कधी उकिरड्यावर बघितलं न्हाय व्हय?"

हे माझ्याकडं बघायला लागले. मी पदर सावरून छताकडं बघायला लागले.

"कोंबडीचं वेगळं असतं," हे शेवटी म्हणाले.

"का वेगळं?"

ह्यांनी नुसतं डोकं खाजवलं. त्यावर घरमालक इतके खूश झाले की किल्ली काढून सरळ माझ्या हातात ठेवली. "सावकाश विचार करून सांगा. घाई नाही. खोली तुमचीच समजा." मी मनात म्हटलं, बाई गं, कुठल्या येड्याच्या पदरात येऊन पडलो आपण!

येडे नव्हते. गुरांचे डॉक्टर होते, सरकारी खात्यातून रिटायर झालेले. मूळचे दुधनीचे, त्यामुळं घरात कानडी, रस्त्यावर मराठी आणि शेजारच्या चाचांशी दखनी. म्हशीशी ते कानडीत बोलायचे, बैलाशी मराठीत. डुकराशी कुठल्याही भाषेत बोला, त्याला कळतं, असं त्यांचं म्हणणं. पांढरा अर्ध्या बाह्यांचा शर्ट, आणि त्याच्या खिशात पेनाला खेटून जनावरांचा थर्मामीटर. तो थर्मामीटर कुठं कुठं जाऊन आलाय हे ठाऊक असल्यामुळं मी त्यांचं पेन कधी मागितलं नाही.

गळ्यात इष्टलिंग, कपाळाला विभूती. जन्मात अंडंसुद्धा खाल्लं नव्हतं. कुणाच्या वाढदिवसाचा केक आला तर आधी "अंडं घातलंय का?" आणि घातलं असेल तर त्यांच्या उंबऱ्याच्या आत प्रवेश नाही. आणि असला हा माणूस उठता-बसता डुकराच्या मांसावर बोलायचा. खाण्यावर नव्हे हं, न खाण्यावर. जगात इतक्या लोकांनी हेच एक जनावर का म्हणून वर्ज्य केलं, या एका प्रश्नानं त्यांना झपाटलं होतं.

त्याला कारण त्यांची नोकरी. तरुणपणी ते कुठल्याशा साहेबाशी भांडले आणि साहेबानं त्यांची बदली वराहपालन केंद्रावर केली. शिक्षाच ती. घरी रडारड झाली म्हणे. जातानाही डॉक्टर नाकाला रुमाल लावून गेले. आणि वर्षभरात गडी डुकरांच्या असा प्रेमात पडला की बदली रद्द झाली तरी हलायला तयार होईना. "ताई, त्याला जागा द्या, पाणी द्या, ते झोपायच्या जागी घाण करत नाही. गाय करती. म्हैस तर विचारूच नका. डुकरासारखं शिस्तीचं जनावर न्हाय," असं मला सांगायचे. रस्त्यात पिलांची रांग घेऊन डुकरीण आडवी आली की स्कूटर थांबवून मागच्यांना हात करायचे, "थांबा हो, बाईंना जाऊ द्या."

त्यांची बायको, आमच्या काकू, तेव्हा होत्या. गोऱ्या, ठेंगण्या, तोंडानं फटकळ आणि मनानं लोणी. एकदा एक डुकरीण गटाराच्या खड्ड्यात पडली, तर काका कपड्यांसकट आत उतरले. वर आले तेव्हा वास असा की गल्लीतल्या खिडक्या धडाधड बंद झाल्या. काकूंनी त्यांना अंगणात उभं केलं आणि लांबूनच बादल्या मारल्या. "बघ गं," मला म्हणाल्या, "लोकांच्या सवती दोन पायांच्या असतात, माझी चार पायांची आहे." काका साबण लावत हसत होते.

मी त्या वेळी शाळेचे युनिफॉर्म शिवणाऱ्या कारखान्यात सुपरवायझर होते. आठवडाभर शिलाई मशिनींचा खडखडाट ऐकून सुट्टीच्या दिवशी जरा गॅलरीत टेकावं, तर काका चहाच्या वासानं वर हजर.

"ताई, घाम आलाय का?"

मे महिना आणि सोलापूर. काय विचारणं झालं! "धारा लागल्यात काका."

"तुमचं नशीब. डुकराला घाम येत नाही. म्हणून ते चिखलात लोळतं. ती हौस नाही, गरज आहे त्याची. आता हेच जनावर अरबस्तानात न्या. सावली नाही, चिखल नाही, पाणी माणसालाच पुरत नाही. बरं, दूध द्यायचं नाही, लोकर द्यायची नाही, नांगराला चालत नाही, पाठीवर ओझं घेत नाही, कळप करून लांब हाकावं तर तेही नाही. आणि खाणार काय? जे आपण खाणार तेच! शेळी बघा, बाभळीचा काटा खाऊन दूध देती. वाळवंटात डुक्कर पाळायचं म्हणजे दुष्काळात जावई सांभाळायचा."

मला पटलं. "मग झालं की काका. सुटला प्रश्न."

"कुठं सुटला? तीच माणसं पुढं हिरव्यागार मुलखात गेली, नदीकाठी राहिली. तिथं का नाही सुरू केलं? तिथं चिखल काय कमी होता?"

हे असं. स्वतःच उत्तर शोधायचे, स्वतःच त्याला कडेवर घेऊन मिरवायचे आणि स्वतःच त्याचा गळा दाबायचे. आमच्या ह्यांनी एकदा मोबाइलवर वाचून मोठ्या उत्साहानं सांगितलं, "काका, जंत होतात. पोटातनं मेंदूपर्यंत जातात." काकांनी आधी शाबासकी दिली. मग म्हणाले, "होतात, नीट न शिजवता खाल्लं तर होतात. पण गाईच्या मांसातनं येत नाहीत का? शेळीपासनं माणसाला ताप लागत नाही का? मी स्वतः लागण झालेली माणसं बघितलीत. मग शेळी का नाही बंद केली? आणि त्या काळी जंत बघायला मायक्रोस्कोप कुणापाशी होता हो? आजार हे आपण शिकल्यासवरल्यांनी मागनं चिकटवलेलं कारण." ह्यांनी मोबाइल खिशात घातला आणि पेपर तोंडासमोर धरला.

यहुद्यांचं तर ते नाटकच करून दाखवायचे. त्यांच्या धर्मात म्हणे नियम असा, की जनावराचे खूर दुभंगलेले पाहिजेत आणि त्यानं रवंथ केली पाहिजे. दोन्ही विषयांत पास तरच खायचं. काका स्वतःच्या घरनं आणलेला भाकरीचा तुकडा तोंडात घालायचे आणि जबडा असा आडवा फिरवत, डोळे अर्धे मिटून म्हशीसारखे बसायचे. "ही झाली रवंथ. गाय पास, शेळी पास, मेंढी पास. डुक्कर? खूर दुभंगलेले, पण रवंथ नाही. एका विषयात नापास! उंट रवंथ करतो, पण पायात नापास. मग मुसलमानांनी उंटाला का पास केलं आणि ह्यालाच का ठेवलं मागं? आफ्रिकेतल्या हबशी देशातले ख्रिस्ती लोक खात नाहीत, इकडचे खातात. ते का?" मी हसून हसून लोळायची. भाकरीचा तुकडा मात्र ते गिळून टाकायचे, रवंथीचं सोंग संपलं तरी.

आणि "दुसऱ्याचं राहू द्या, तुमचं काय?" हे होतंच. आता आम्ही नातेपुत्याकडचे. माझा आजा रानडुकराचं मटण मिटक्या मारत खायचा, जुन्या काळची गोष्ट. आणि गावडुकराचं नुसतं नाव काढलं तरी ओकारी काढायचा. हे मी बोलून गेले आणि पस्तावले. काका ते धरून महिनाभर माझ्या मागं. "विष्णूनं त्याचा अवतार घेतला, अख्खी पृथ्वी दातावर उचलली, आणि तुम्ही त्याला हाड् हाड् करता. रानात असला की चालतो, गावात आला की बाटला? का ओ?" मी म्हटलं, "काका, आजा वर गेलाय, त्यालाच जाऊन विचारा." यावर ते गंभीरपणानं म्हणाले, "विचारीन की."

पण त्यांचं खरं गिऱ्हाईक म्हणजे शेजारचे चाचा. चाचांचा मालवाहू टेम्पो होता. दोघांच्या घरांत एक भिंत सामाईक आणि भिंतीला लागून एक दगडी कट्टा. संध्याकाळी टेम्पो लावून चाचा कट्ट्यावर बसले की काका चपला ओढत बाहेर.

"चाचा, आज नवीन सुचलंय."

"कायकू जी डॉक्टरसाब, रोज रोज वोइच जनावर?"

"ऐका तर."

चाचा ऐकायचे. सगळं ऐकून झालं की म्हणायचे, "अल्लानं मना केलं. बस. हम सुने और माने."

"हे उत्तर नाही चाचा. हा हुकूम झाला."

"हौ. हुकूमच है."

काका हात चोळत बसायचे. एकदा त्यांनी विचारलं, "समजा तुम्ही टेम्पो घेऊन कुठंतरी रानात अडकलात. खायला दुसरं काहीच नाही. जीव चाललाय. मग?" चाचा म्हणाले, "जान पे आयी तो माफ है. तेवढं खायचं, जान बचेल इतकंच." काका उठून उभेच राहिले. "म्हणजे नियमाला दार ठेवलंय! अय्यो, किती शहाणा नियम आहे हो!" त्यांना एवढा आनंद झाला की त्या आठवड्यात गल्लीतल्या प्रत्येकाला गाठून ते हे सांगत होते. भाजीवालीलासुद्धा.

एकदाच चाचांनी डाव उलटवला. "डॉक्टरसाब, एक मी पण पुछू? तुम्ही अंडा कायकू नाही खात?"

"आमच्यात खात नाहीत."

"का नाही खात?"

 काकांनी चपला शोधल्या आणि घरात निघून गेले. नंतरचे दोन-तीन दिवस कट्ट्यावर एकटे चाचाच. काकू मला म्हणाल्या, "बरं झालं. आता कळेल, दुसऱ्याच्या ताटात नाक खुपसलं की कसं वाटतं." मग काकूंनीच मध्यस्थी करून दोघांना चहा पाजला.

काका-काकूंना मूल नव्हतं. चाचांची एकुलती पोरगी काकूंच्याच मांडीवर वाढली. काकू तिला चिमणे म्हणायच्या. चाची आजारपणात दवाखान्यात असताना, चाचा टेम्पोवर असताना, ही आपली काकूंच्या स्वयंपाकघरात. काकू गेल्या तेव्हा त्या पोरीनं जो टाहो फोडला तो ऐकून आख्खी गल्ली रडली. मीही रडले, कितीतरी दिवस रडत होते.

काकूंच्या नावानं काकांनी गल्लीला दोन तांब्याच्या डेगी दिल्या. पंगतीचं जेवण शिजेल अशा मोठाल्या, काठावर काकूंचं नाव कोरलेल्या, आतून पांढरीशुभ्र कल्हई. एकीच्या कानाला पिवळा पट्टा रंगवलेला, एकीच्या लाल. पिवळी शाकाहाराची, लाल मटणाची. लिंगायताच्या घरात मटणाची डेग म्हटल्यावर त्यांच्या भाऊबंदांनी तोंडं वाकडी केली. काका म्हणाले, "ती म्हणायची, गल्लीतली निम्मी घरं खारं-मटण खाणारी, त्यांनी काय डोक्यावर शिजवायचं?" डेगी जिन्याखाली असायच्या. ज्याला हवी त्यानं न्यावी, घासून परत आणावी. सत्यनारायण, बारसं, गणपतीचा प्रसाद, ईद, सगळं त्यांत व्हायला लागलं. पिवळीला मात्र काका जिवापाड जपायचे. लाल डेग तिला टेकलेलीसुद्धा त्यांना चालत नसे, मध्ये पोतं घालून ठेवायचे.

आणि मग चिमणीचं लग्न ठरलं. मुलगा गुलबर्ग्याचा. लग्न दारातच, मांडव गल्लीत. पोरीनं बापाला आधीच सांगितलं होतं, "अब्बा, माझ्या शादीचं खाना काकूच्या डेगीतच पकेल." मशिदीची भांडी होती, ती मिळाली असती. पण पोरीचा हट्ट. काका तर काय, आठ दिवस आधीपासून लाल डेग पुसत होते.

लग्नाच्या दिवशी सकाळी गल्लीत नुसती धांदल. चाचांच्या अंगणात बावर्चीनं चूल पेटवली होती. परातीत मटण धुऊन ठेवलेलं, तांदूळ भिजलेला. वऱ्हाड गुलबर्ग्याहून निघालंय असा फोनही येऊन गेला. काका नवा शर्ट घालून आमच्या गॅलरीत चहा घेत खाली बघत होते. लाल डेग चुलीवर चढली तसे त्यांचे डोळे भरून आले.

आमच्या ह्यांनी वातावरण हलकं करायला म्हटलं, "काका, तुमच्या ह्या डेगीनं बरीच बकरी पचवली असतील, नाही?"

"बकरीच कशाला!" काका छाती फुगवून म्हणाले. "मागच्या महिन्यात पलीकडच्या वस्तीत बारसं झालं. डुकरं पाळणारी घरं. माझी जुनी ओळख. त्यांना आजवर गल्लीत कुणी भांडं दिलं नव्हतं, मी दिली की डेग. म्हटलं मटणच शिजवायचंय ना, लाल पट्टा आहे, न्या. तिच्यात त्यांनी अख्खं..."

ते थांबले. कप ओठापाशी तसाच.

"अख्खं काय?" मी विचारलं.

"डुक्कर," काका म्हणाले.

आमचे हे हसले. मग त्यांचंही हसू जागच्या जागी वाळलं.

 खाली बावर्ची डेगीत तेल ओतत होता. इतकी वर्षं या माणसानं जगातल्या सगळ्या लोकांना पकडून पकडून विचारलं, डुक्कर का नाही खात, का नाही खात. आणि नेमकं ते भांड्याला लागलं तेव्हा त्याच्या ध्यानातच आलं नाही! येणार कसं? जन्मभर शाकाहारी. त्याच्या लेखी बकरं काय आणि डुक्कर काय, एकदा लाल पट्टा म्हटलं की सगळं मांस एकच.

"घासली होती ना नीट?" ह्यांनी हळूच विचारलं.

"चिंचेनं, राखेनं. मी उभं राहून घासून घेतली. नंतर जिन्याखालनं हलली नाही."

"मग काका, गप बसा. लग्नघर आहे. वऱ्हाड येतंय. कुणाला कळतंय? तुम्हीच सांगता ना, शास्त्राप्रमाणं..."

"शास्त्राप्रमाणं भांडं स्वच्छ आहे," काका म्हणाले. मग माझ्याकडं बघितलं. त्यांचा चेहरा असा पांढरा पडला होता की मला धडकीच भरली. "पण शास्त्र जेवायला येणार नाही हो ताई. चाचा जेवणार आहे. चिमणी जेवणार आहे."

आणि ते उठले आणि अनवाणी जिना उतरले. मी त्यांच्या मागं. अंगणात शिरता शिरताच त्यांनी हाक मारली, "थांबवा! चूल थांबवा!" बावर्चीच्या हातातला कांदा तसाच राहिला. काकांनी चाचांचा हात धरला आणि त्यांना टेम्पोच्या आड नेलं. मी दोन पावलं मागं उभी. मला सगळं ऐकू येत होतं आणि ऐकवत नव्हतं.

काकांनी एका दमात सांगितलं, काही न लपवता. चाचा टेम्पोच्या फळीवर मटकन बसले. त्यांच्या मनात काय चाललंय ते मला दिसत होतं. वऱ्हाडाला कुणकुण जरी लागली असती तरी पोरीला जन्मभर ऐकावं लागलं असतं.

"किसीने खाया?" चाचांनी विचारलं.

"कुणीच नाही. त्यानंतर आज पहिल्यांदाच बाहेर काढली. आत्ता फक्त तेल पडलंय."

"अल्हम्दुलिल्लाह," चाचा म्हणाले, आणि मग भडकले. असे भडकलेले मी त्यांना कधी पाहिले नव्हते. "तुम्ही! डॉक्टरसाब, तुम्ही! सारी दुनियामें एक तुम्ही आदमी, जो इस जनावर पे मेरा भेजा खाया! दिन नाही, रात नाही! खूर ऐसा, घाम वैसा! और तुम्हीच भूल गये?"

"मला सगळं मांस एकच हो चाचा!" काकांना रडूच फुटलं. "मला बकरं कळत नाही, डुक्कर कळत नाही. मला नुसता लाल पट्टा दिसला!"

चाचा त्यांच्याकडं बघत राहिले. बघता बघता त्यांच्या मिशा हलायला लागल्या. आधी वाटलं रडतायत. पण नाही, हसत होते. टेम्पोची फळी धरून, पोट धरून हसत होते. "या अल्ला! इतनी किताबां पढके... लाल पट्टा!" काका रडता रडता हसायला लागले आणि मग मीही. तिघं टेम्पोच्या आड वेड्यासारखे हसत होतो.

हसू ओसरल्यावर चाचांनी डोळे पुसले. "कोई दुसरा होता तो चूप बैठता. आम्हाला कभीच नाही कळलं असतं." मग त्यांनी काकांच्या पाठीवर थाप मारली आणि टेम्पोची किल्ली काढली. मशिदीची डेग आणायला माणूस धाडला. बावर्ची कुरकुरला, डेग कशाला बदलायची? चाचा म्हणाले, "डॉक्टरसाब बोले." बावर्ची म्हणाला, "वो तो जनावरां के डॉक्टर है!" "तो तू कौन है? फोड कांदा," चाचा म्हणाले.

पण पोरीपासून लपणार कसं? चिमणी मेंदीचे हात घेऊन खिडकीत आली आणि काकूंचं नाव कोरलेली डेग चुलीवरून उतरताना तिनं पाहिली. बापानं जवळ जाऊन तिच्या कानात सांगितलं. तिचे डोळे भरले. मेंदीच्या हातांनी ते पुसताही येईनात. काका जमिनीकडं बघत उभे. मग एकाएकी वळले, आमच्या जिन्याखाली गेले आणि पोतं बाजूला फेकून पिवळी डेग दोन्ही हातांनी ओढत अंगणात घेऊन आले.

"ही घ्या," म्हणाले. "हिच्यात शिजवा मटण."

 पिवळी! जिला लाल डेग टेकलेली चालत नव्हती ती. "काका, अहो..." मी म्हटलं. त्यांनी मला हातानं गप्प केलं. "तिचं नाव दोन्हींवर आहे. पोरीला तिच्या डेगीतलं जेवायचंय. शिजवा."

"नक्को डॉक्टरसाब," चाचा म्हणाले. "तुम्ही आमचं न खाणं सांभाळलं, आम्ही तुमचं बिघडवू व्हय? नक्को."

"मी म्हणतोय ना!"

"मी पण म्हणतोय ना, नक्को!"

दोघं भांडायला लागले, आणि तेही डेगीचा एकेक कान धरून. शेवटी खिडकीतून पोरगीच ओरडली, "अब्बा! काका! छोडो दोघं! मीठा पकाओ उसमें!"

झालं. मटणाची बिर्याणी मशिदीच्या डेगीत, आणि काकूंच्या पिवळ्या डेगीत गोड भात. साजूक तूप, केशर, काजू, वेलदोडा. बावर्चीला काकांनी स्वतः बजावलं, बिर्याणीचा झारा इकडं बुडवायचा नाही. बावर्ची म्हणाला, "मालूम है जी, मालूम है." लाल डेग काकांनी त्याच दिवशी पलीकडच्या वस्तीला कायमची देऊन टाकली. त्यांनाही हक्काचं भांडं हवंच की.

वऱ्हाड आलं, निकाह झाला, पंगत बसली. आता एक सांगायला हवं. काका आजवर चाचांच्या घरी चहापलीकडं काही घेत नसत. मटण शिजणाऱ्या घरातलं अन्न त्यांनी कुठंच कधी तोंडात घातलं नव्हतं. ईदेला चाची त्यांना तांदूळ, साखर, सुकामेवा असा कोरडा शिधा पाठवायच्या आणि काका तो घरी शिजवून खायचे. हे इतकं सवयीचं झालं होतं की त्यात कुणाला वावगं वाटत नव्हतं.

त्या दिवशी मात्र काका आपण होऊन जमिनीवर अंथरलेल्या दस्तरखानावर येऊन बसले. शेजारी नवा जावई, पलीकडं चाचा. समोर बिर्याणीची ताटं, वास घमघमतोय. चाचींनी पिवळ्या डेगीतला गोड भात काकांच्या ताटात वाढला. काका ताटाकडं बघत राहिले. हात उचलला, पुन्हा मांडीवर ठेवला. चाचा बघत होते. मी बघत होते. खिडकीआडून नवरीही बघत होती. काकांची आख्ख्या जन्माची सवय, ती एका घासात कशी मोडणार?

आणि गडबडल्यावर काका जे नेहमी करायचे तेच त्यांनी केलं. ताटावरची नजर काढली आणि जावयाकडं वळून मोठ्या आस्थेनं म्हणाले, "काय हो जावईबापू, एक विचारू? तुमच्यात ते डु..."

चाचांनी काकांच्या ताटातला भात मुठीत उचलला आणि सरळ त्यांच्या तोंडात कोंबला.

 काकांचे गाल फुगलेले, डोळे वटारलेले. विभूतीच्या खाली कपाळावर घाम. हळूहळू त्यांचा जबडा हलायला लागला. ते चावत राहिले, किती तरी वेळ चावत राहिले. मग गिळलं. डोळ्यांतलं पाणी गालावर आलं ते त्यांनी पुसलं नाही.

"वेलदोडा जरा जास्त झालाय," काका म्हणाले, आणि दुसऱ्या घासासाठी ताट चाचांच्या पुढं केलं.